मसऊद मक्की आणि त्याचे वारस

दास्ताने-अमीर हमजा सर्वप्रथम कोणी रचली, या प्रश्नाला जुन्या फारसी पोथ्यांनी जी उत्तरे दिली आहेत, त्यांतले एक उत्तर आमच्या मनात बरेच दिवस घर करून आहे. पैगंबर मुहम्मद (स.) यांचे चुलते हजरत हमजा (रजि.) उहुदच्या लढाईत, इ.स. ६२५ साली, शहीद झाले. त्यानंतर पैगंबरांच्या घराजवळ राहणाऱ्या काही स्त्रिया हमजांच्या पराक्रमाच्या गोष्टी एकमेकींना सांगू लागल्या. पैगंबरांचे लक्ष आपल्याकडे जावे, एवढाच त्यांचा हेतू. पुढे मसऊद मक्की नावाच्या एका विद्वानाने या गोष्टी जमवून लिहून काढल्या. त्याने हे काम का केले? तर मक्केच्या लोकांच्या मनातले पैगंबरांविषयीचे वैर गोष्टींच्या नादात निवून जावे म्हणून.

या मसऊद मक्कीला जन्मसाल नाही, कबर नाही, वंश नाही आणि दुसरा ग्रंथही नाही. तो दास्तानच्या प्रस्तावनेत जन्मला आणि तिथेच राहिला. आम्ही त्याला कल्पित पुरुष मानतो. तरीही त्याचे चरित्र लिहिण्याजोगे आहे असे आम्हाला वाटते. कारण ज्या विद्येला स्वतःचा शास्त्रकार कल्पनेतून घडवावा लागला, त्या विद्येवर कोणता प्रसंग गुदरला होता, हे त्या चरित्रावरून कळते.

आधी हे सांगायला हवे की ही कल्पना अगदीच हवेतली नाही. सीरतच्या ग्रंथांत एक प्रसंग येतो. उहुदहून मुसलमान मदीनेला परतले तेव्हा घरोघरी शहिदांसाठी आक्रोश चालला होता. तो ऐकून पैगंबर म्हणाले की हमजासाठी रडणारे मात्र कोणी नाही. हे कानावर येताच अन्सारांच्या स्त्रिया आल्या आणि हमजांसाठी रडू लागल्या. पैगंबरांनी त्यांना दुवा देऊन घरी पाठवले आणि पुढे अशा विलापाला मनाई केली. दास्तानच्या प्रस्तावनेतल्या त्या शेजारणी म्हणजे या अन्सारी स्त्रियाच आहेत, याविषयी आम्हाला शंका नाही. फरक इतकाच की इतिहासातल्या स्त्रिया रडतात आणि दास्तानमधल्या गोष्टी सांगतात. विलाप थांबला तिथे कथा सुरू झाली, असेच जणू त्या प्रस्तावनाकाराला सुचवायचे असावे.

आता मसऊद मक्कीकडे पाहा. सीरतमध्ये मक्केतला एक खराखुरा कथेकरीही भेटतो. त्याचे नाव नज्र बिन हारिस. हा हीरा शहरी जाऊन इराणी राजांच्या, रुस्तम आणि इस्फंदियारच्या गोष्टी शिकून आला होता. पैगंबर लोकांना उपदेश करून उठले की त्याच जागी हा येऊन बसे आणि म्हणे, माझ्या गोष्टी याच्यापेक्षा सुरस आहेत. कुरआनच्या लुकमान सूरेतली सहावी आयत, जीत मन गुंगवणाऱ्या निरर्थक गोष्टी विकत घेऊन लोकांना बहकवणाऱ्याचा उल्लेख आहे, ती याच माणसाला उद्देशून आहे असे अनेक भाष्यकार सांगतात. बद्रच्या लढाईत तो कैद झाला आणि मारला गेला. म्हणजे आमच्या धार्मिक स्मृतीत पहिला किस्साख्वान हा पैगंबरांचा शत्रू आहे. लोकांना सत्यापासून दूर नेण्यासाठी तो गोष्टी सांगतो.

मसऊद मक्की याच्या नेमका उलट. तोही मक्केचा, तोही गोष्टी सांगणारा, तोही लोकांचे लक्ष दुसरीकडे वळवणारा. पण तो लक्ष वळवतो ते सत्यापासून नव्हे, वैरापासून. नज्रचा नायक रुस्तम, तर याचा नायक हमजा. आमच्या मते हा योगायोग नाही. ज्यांचा धंदाच गोष्टी सांगण्याचा, आणि ज्यांना शुक्रवारच्या नमाजानंतर कोणी ना कोणी नज्र बिन हारिसची आठवण करून देत असणार, त्यांनी आपल्या बचावासाठी हा दुसरा मक्कावासी उभा केला. आरोपीला साक्षीदार हवा होता. तो मिळेना तेव्हा त्यांनी तो रचला.

ज्या ग्रंथात हे वृत्त येते त्याचे नाव 'जुब्दतुर्रुमूज'. तो लिहिणारा हाजी किस्साख्वान हमदानी हा इराणी कथेकरी. १६१२ साली आपण हैदराबादला पोचलो अशी नोंद त्यानेच केली आहे आणि कुतुबशाही दरबारासाठी त्याने हा ग्रंथ लिहायला घेतला. म्हणजे मसऊद मक्की मक्केचा असला तरी त्याचा पत्ता आपल्या दख्खनमधलाच आहे म्हणायचा. याच हमदानीने दास्तानच्या उगमाची दुसरी, पहिलीशी न जुळणारी हकीकतही शेजारीच देऊन ठेवली आहे. एका अब्बासी खलीफाच्या मेंदूत ताप शिरला. हकीम थकले. तेव्हा दरबारातल्या शहाण्यांनी हमजाचा किस्सा रचून त्याला ऐकवला आणि तो बरा झाला. दोन्ही हकीकती खऱ्या असू शकत नाहीत हे हमदानीला कळत नसेल असे नाही. तो कथेकरी होता. त्याने दोन्ही सांगितल्या आणि निवड ऐकणाऱ्यावर सोडली.

गोष्ट ऐकून दुखणे बरे होते, ही कल्पना आमच्याकडे पुढेही भेटते. कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजसाठी मीर अम्मनने 'बागो-बहार' लिहिली. हजरत निजामुद्दीन औलिया आजारी असताना अमीर खुसरोने चार दरवेशांचा हा किस्सा त्यांना ऐकवला, आणि बरे झाल्यावर हजरतांनी हा किस्सा ऐकणाऱ्याला आरोग्याची दुवा दिली, असे त्याने प्रस्तावनेत सांगून टाकले. हाफिज महमूद शेरानी यांनी पुढे हा किस्सा खुसरोचा नाहीच हे पुराव्यानिशी दाखवले. त्याच कॉलेजसाठी खलील अली खाँ 'अश्क'ने १८०१ साली हमजाची दास्तान उर्दूत आणली. त्याच्या म्हणण्याप्रमाणे ती महमूद गझनवीच्या दरबारी कथेकऱ्यांनी चौदा खंडांत रचली होती. मसऊद मक्की, अब्बासी दरबार, गझनवीचे कथेकरी, अमीर खुसरो : नावे बदलतात, पण गरज एकच असते.

ती गरज कोणती हे समजण्यासाठी आमच्या विद्येची घडण ध्यानात घ्यावी लागते. हदीसच्या शास्त्रात मजकुराआधी सनद येते. हे कोणी कोणाकडून ऐकले, त्याने कोणाकडून, अशी साखळी. साखळीतला एक माणूस खोटा निघाला की हदीस पडली. बाराव्या शतकात बगदादच्या इब्न जौजीने कथेकरी आणि वाइज यांच्यावर एक पुस्तकच लिहिले. स्वतः नामांकित वाइज असल्याने त्याने या धंद्यावर सरसकट फुली मारली नाही. पण बिनबुडाच्या रिवायती सांगून लोकांना रडवणाऱ्यांची त्याने चांगली झाडाझडती घेतली. अशा समाजात ज्याची गोष्ट मुळातच रचलेली, त्याने सनद कुठून आणावी? त्याने सनदही रचली. आम्ही याला लबाडी म्हणत नाही. मराठी वाचकाला तर हे सहज समजावे. किती अनामिकांनी आपले अभंग 'नामा म्हणे', 'तुका म्हणे' करून मोठ्यांच्या पदरात टाकले आहेत, याचा हिशेब अजून संपलेला नाही.

गंमत अशी की कल्पित शास्त्रकाराच्या सावलीत एक खराखुरा शास्त्रकार झाकोळून गेला. त्याचे नाव अब्दुन्नबी फख्रुज्जमानी कजवीनी. इराणातल्या कजवीनचा हा तरुण १६०९ च्या सुमारास हिंदुस्थानात आला. लाहोरहून तो आग्र्याला गेला. तिथे मिर्झा निजामी हा त्याचा नातलग वाकेनवीस, म्हणजे बातमीदार होता. त्याच्या प्रोत्साहनाने फख्रुज्जमानी हमजाच्या किस्स्याकडे वळला. स्मरणशक्ती अशी की किस्सा एकदा ऐकला आणि मनात राहिला, असे तो स्वतःविषयी सांगतो. पुढे महाबतखानाचा मुलगा मिर्झा अमानुल्ला याच्या पदरी तो राहिला, मग फिरत फिरत पाटण्याला गेला. तिथे त्याने साकीनामे लिहिणाऱ्या कवींचा चरित्रकोश 'मयखाना' हिजरी १०२८ मध्ये पुरा केला. फारसी साहित्याचे अभ्यासक त्याला ओळखतात ते या 'मयखान्या'मुळे.

पण आमच्या दृष्टीने त्याचे मोठे काम निराळेच. १६३१-३२ च्या सुमारास त्याने 'तिराजुल-अखबार' नावाचा ग्रंथ सिद्ध केला. हे किस्साख्वानाचे शास्त्र आहे. कथा कशी सांगावी, कथेकऱ्याने कसे वागावे, इराणी, तुराणी आणि हिंदुस्थानी या तीन ढंगांत काय फरक, हे तो आधी सांगतो. मग रज्म म्हणजे युद्ध, बज्म म्हणजे मैफल, हुस्नो-इश्क आणि अय्यारी अशा चार विभागांत गद्यपद्य उताऱ्यांचा साठा भरून ठेवतो. लढाईची सकाळ सांगायची आहे, बागेचे वर्णन हवे आहे, अय्यार वेश पालटून शत्रूच्या तंबूत शिरला आहे : कथेकऱ्याने त्या त्या कप्प्यात हात घालावा आणि हवे ते काढावे. आमच्या कीर्तनकारांच्या आणि शाहिरांच्या वह्या ज्यांनी पाहिल्या असतील त्यांना ही व्यवस्था परकी वाटणार नाही.

या चार विभागांना त्याने नाव दिले आहे 'खबर'. मराठी वाचकाने इथे क्षणभर थांबावे. आपला 'बखर' हा शब्द याच 'खबर' शब्दातली अक्षरे मागेपुढे होऊन आला असे बरेच अभ्यासक मानतात. एकाच शब्दाने एकीकडे कल्पित कथेच्या शास्त्राचे भाग पाडले आणि दुसरीकडे मराठ्यांच्या इतिहासलेखनाला नाव दिले. बखरीत इतिहास किती आणि कथा किती यावर महाराष्ट्रात शंभर वर्षे वाद झाले. शब्दाचे कूळ पाहता ते होणारच होते.

फख्रुज्जमानीच्या काळी या विद्येला दरबारात मान होता, एवढे मात्र खरे. अकबराला हमजाच्या गोष्टींचे वेड होते आणि जनानखान्यात तो स्वतःही त्या कथेकऱ्यासारखा सांगत असे. १५६२ च्या सुमारास त्याने हमजानाम्याची चित्रे काढवायला घेतली. मीर सय्यद अली आणि ख्वाजा अब्दुस्समद या दोघा इराणी उस्तादांच्या देखरेखीखाली सुमारे पंधरा वर्षे हे काम चालले. सुती कापडावर मोठमोठी चौदाशे चित्रे झाली. चित्राच्या पाठीवर मजकूर. आज त्यांतली दोनशेच्या आसपास उरली आहेत, आणि त्यांतली बहुतेक लंडन, व्हिएन्ना अशा ठिकाणी. १८८१ साली कॅस्पर पर्डन क्लार्क हा इंग्रज अधिकारी काश्मिरात फिरत असताना त्याला श्रीनगरात यांतली काही चित्रे खिडक्या बंद करायला लावलेली आढळली. थंडी अडवण्याच्या कामी का होईना, ती तिथे टिकली. जहांगीरने तर मुल्ला असद या किस्साख्वानाला रुपयांनी तोलून वर मन्सब दिली, असे त्याच्याच आत्मचरित्रात आहे.

मानाचे दिवस सरले तशी कल्पित लेखकाची गरज पुन्हा वाढली. एकोणिसाव्या शतकात ही दास्तान लखनऊ आणि रामपूरला नव्याने फुलली. 'तिलिस्मे-होशरुबा', म्हणजे शुद्ध हरपवणारे मायानगर, हा तिचा सर्वांत गाजलेला भाग फारसीत कधी नव्हताच. तो मीर अहमद अली, हकीम असगर अली आणि अंबाप्रसाद 'रसा' या दास्तानगोंच्या तोंडून घडला. अंबाप्रसादांचे नाव आम्ही मुद्दाम घेत आहोत. पैगंबरांच्या चुलत्याच्या नावाने चाललेल्या कथेतले सर्वांत रम्य प्रकरण रचणाऱ्यांत एक हिंदू उस्ताद होता, आणि त्याचे त्या काळी कोणाला काही वाटले नाही.

मुन्शी नवलकिशोर यांनी लखनऊच्या आपल्या छापखान्यातून ही दास्तान छापायला घेतली. तेही हिंदू, आणि कुरआनपासून पुराणांपर्यंत सर्व काही छापणारे. १८८३ साली मुहम्मद हुसेन 'जाह' यांनी होशरुबाचा पहिला खंड दिला. चार खंडांनंतर जाह बाहेर पडले आणि पुढचे खंड अहमद हुसेन 'कमर' यांनी लिहिले. कमर यांनी आपल्या खंडांत जागोजागी जाहना कमी लेखून स्वतःची तारीफ केली आहे. मजकूर अय्यारांचा असला तरी मधूनच लखनऊच्या दोन लेखकांचे भांडण ऐकू येते, आणि खरे सांगायचे तर आम्हाला तेही वाचायला आवडते. होशरुबाचीच सुमारे आठ हजार पाने झाली. संपूर्ण दास्तान १९१७ पर्यंत सेहेचाळीस खंडांवर गेली. जगात इतकी लांब कथा क्वचितच छापली गेली असेल.

आणि ही सर्व कथा कोणाची म्हणून वाचकांपुढे ठेवली गेली? अकबराचा कविराज फैजी याची! आम्ही केवळ भाषांतरकार, मूळ फारसी दफ्तरे फैजीची, असा आव आणला गेला. फैजीचा जन्म १५४७ चा. अकबराच्या दरबारी तो १५६७ मध्ये आला, म्हणजे हमजाच्या चित्रांचे काम सुरू होऊन पाच वर्षे झाल्यावर. त्याने नल-दमयंतीची कथा फारसीत आणली, भास्कराचार्यांच्या 'लीलावती'चे भाषांतर केले. पण सात-आठ हजार पानांचे मायानगर लिहिल्याची खबर ना त्याच्या भावाला, अबुल फजलला, ना त्याच्या निंदकांना. मसऊद मक्कीचाच हा नवा अवतार. फरक पडला तो इतका की पूर्वी कथेला दीनचा आधार हवा होता, आता दरबाराचा आणि फारसीचा हवा होता. स्वतःच्या उर्दूत, स्वतःच्या बुद्धीने निर्माण केलेली एवढी मोठी सृष्टी हे लोक भाषांतर म्हणून विकत होते, ही गोष्ट आम्हाला अजून सलते.

ती सृष्टी कशी होती हे थोडे सांगायला हवे. होशरुबाचा बादशहा अफ्रासियाब हा जादूगार. त्याच्या राज्याचे तीन भाग : जाहिर, बातिन आणि जुल्मात. दिसणारे, न दिसणारे आणि अंधाराचे. मधून रक्ताची नदी वाहते. जगात काय घडले हे अफ्रासियाबला पाहायचे झाले की तो सामरीचा ग्रंथ उघडतो आणि त्यात सारे लिहून आलेले असते. जादूगाराजवळ सर्व काही आहे, पण एक नियम त्याच्या हातात नाही. प्रत्येक तिलिस्म बांधतानाच तो कोणी मोडायचा हे ठरलेले असते. होशरुबा मोडणार तो हमजाचा नातू असद. हमजाच्या बाजूचे सरदार जादू करीत नाहीत, ती हराम. ते इस्मे-आजमच्या बळावर लढतात. आणि ज्याच्यासाठी श्रोते जीव टाकत तो अमर अय्यार तर ना सरदार ना जादूगार. सडपातळ, चिकट, पैशाला हपापलेला, वेश पालटण्यात उस्ताद. त्याच्या जंबीलमध्ये, म्हणजे झोळीत, सारे जग मावते. बलाढ्य जादूगारांना तो शेवटी मिठाईत गुंगीचे औषध घालूनच चीत करतो. जादूला जादूने नव्हे, अकलेने हरवायचे, हे या दास्तानीचे गणित आहे. फख्रुज्जमानीच्या यादीत तिसरा रस इश्क होता. उर्दू दास्तानगोंनी रज्म, बज्म, तिलिस्म आणि अय्यारी अशी चौकडी केली. इश्क मागे सरला आणि तिलिस्म पुढे आला. दिल्ली-लखनऊचे तख्त जात असताना श्रोत्यांना मोडता येण्याजोगे मायानगर हवेसे वाटले असेल, तर त्यात नवल नाही.

मग दोन्ही बाजूंनी मार सुरू झाला. डेप्युटी नजीर अहमद यांच्या 'तौबतुन्नसूह' कादंबरीत सुधारलेला बाप आपल्या मुलाची पुस्तके जाळून टाकतो. १८९३ साली हालींनी 'मुकद्दमा-ए-शेरो-शायरी'त साहित्याला सत्य आणि नैसर्गिकता यांची कसोटी लावली. तिकडे मौलाना अशरफ अली थानवींनी 'बहिश्ती जेवर'मध्ये मुलींनी वाचू नयेत अशा पुस्तकांची यादी दिली. तीत दास्ताने-अमीर हमजा होती, गुलबकावली होती. आणि त्याच यादीत नजीर अहमदांच्या बोधप्रद कादंबऱ्याही होत्या! पुस्तके जाळायला शिकवणाऱ्याची पुस्तकेही सुटली नाहीत.

याच सुमारास मराठीत काय चालले होते? कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी 'अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी' मराठीत आणून दोन पिढ्यांना वेड लावले होते. हलब्यांची 'मुक्तामाला', रिसबुडांची 'मंजुघोषा' यांची चलती होती. मग हरिभाऊ आपटे आले आणि अद्भुताला ओहोटी लागली. आम्ही मुस्लिम मराठी लेखक ज्या परंपरेत लिहू लागलो ती हरिभाऊंनंतरची. आमच्या कथेने तलाकवर लिहिले, दंगलीवर लिहिले, गावकुसातल्या मोहल्ल्याच्या गरिबीवर लिहिले. ते लिहिणे आवश्यकच होते आणि त्याचा आम्हाला अभिमान आहे. पण घरात नानी-दादीच्या तोंडून दख्खनीत ऐकलेले परी आणि देव, गुलबकावली आणि हातिमताई, यांना आम्ही लिहिताना उंबऱ्याबाहेरच ठेवले. मौलवी साहेबांना ते खोटे वाटत होते आणि आमच्या पुरोगामी मित्रांना भाबडे. दोघांनाही आम्ही उत्तर दिले नाही. एखादा मसऊद मक्कीही आम्ही रचला नाही.

उत्तर दिले ते अलाहाबादच्या शम्सुर्रहमान फारुकींनी. टपाल खात्यातली नोकरी सांभाळून त्यांनी सेहेचाळीसच्या सेहेचाळीस खंड जमवले, वाचले, आणि १९९९ पासून 'साहिरी, शाही, साहिबकिरानी' हा त्यांचा अभ्यास खंडशः प्रसिद्ध होऊ लागला. दास्तानीला कादंबरीचा गज लावू नका, ती ऐकण्याची कला आहे, तिचे स्वतःचे शास्त्र आहे, हे त्यांनी सांगितले. फैजीचा बुरखाही त्यांनीच उतरवला. ते २०२० साली वारले. त्यांच्या प्रेरणेने २००५ साली दिल्लीत महमूद फारुकी आणि हिमांशू त्यागी यांनी दास्तानगोईचा पहिला नवा प्रयोग केला. पांढरे अंगरखे, दोन माणसे, एक बैठक आणि होशरुबा. पुढे अंकित चड्ढासारखी तरुण मुले या कलेत आली. अंकितने कबीराची दास्तान रचली, गांधींची रचली. मे २०१८ मध्ये तो प्रयोगासाठी पुण्याला आला असता मावळातल्या उकसण तलावात बुडून गेला. वय तीस.

जुन्या साखळीतला शेवटचा दुवा मात्र दिल्लीचे मीर बाकर अली. मामा मीर काजिम अली यांच्याकडून त्यांना ही विद्या मिळाली. अंगाने किरकोळ, पण पहिलवानाचे वर्णन करू लागले की बसल्या जागी छाती रुंदावल्यासारखी वाटे, असे त्यांना ऐकलेल्यांनी लिहून ठेवले आहे. शस्त्रांची, दागिन्यांची, पक्वान्नांची नावे ते सुरू करीत तेव्हा यादी संपता संपत नसे. वर्णन चुकू नये म्हणून उतारवयात तिब्बिया कॉलेजात जाऊन हकिमीचे धडे ऐकत, असे दिल्लीकर सांगत. कथा रोखून धरण्याची करामत या धंद्यात मानाची होती. प्रेमिकांमध्ये फक्त एक पडदा उरला आहे आणि तो उचलायला कथेकरी कित्येक रात्री लावतो, अशा आख्यायिका आहेत. बाकर अलींना ती करामत येत होती. पण ऐकायला थांबणारेच कमी होत गेले. नाटक कंपन्या आल्या, बायस्कोप आला. रियासतींकडची बोलावणी आटली. मग ते आपल्या घरी काही आण्यांचे तिकीट लावून बैठक भरवू लागले. तेही पुरेना, तेव्हा सुपारी कातरून विकू लागले. सुपारी कशी कातरावी, विडा कसा खावा, यावर गिऱ्हाइकाला दोन गोष्टी ऐकवल्याशिवाय ते पुडी बांधत नसत.

असहकाराच्या दिवसांत त्यांनी छोटी छोटी पुस्तके लिहिली आणि स्वतःच विकली. त्यांतल्या एकाचे नाव 'गाढे खाँने मलमल जानला तलाक दिला'. गाढा म्हणजे जाडेभरडे देशी कापड, आणि मलमल जान म्हणजे कोण ते सांगायला नको. लाल किल्ल्याच्या परंपरेतला हा दास्तानगो खादीचा प्रचार करीत होता, आणि तोही दास्तानीच्याच रीतीने : वस्तूंना माणसे करून, त्यांचे निकाह आणि तलाक लावून. या पुस्तकावर कुठल्या फैजीचे नाव नव्हते. मीर बाकर अली दास्तानगो, एवढेच होते.

१९२० साली ग्रिअर्सनच्या भाषिक पाहणीसाठी बोलींचे ध्वनिमुद्रण चालले होते. त्यात दिल्लीच्या उर्दूचा नमुना म्हणून बाकर अलींचा आवाज घेतला गेला. जो माणूस एका पडद्यावर रात्रीच्या रात्री काढू शके, त्याला तबकडीवर जेमतेम तीन-चार मिनिटे मिळाली. १९२८ साली ते वारले. ती तबकडी अजून आहे.